‘क्रेपस्क्युलर’ म्हणजे नुसतं संध्याकाळचं नव्हे

प्रश्न बडोद्यातल्या एका शिक्षिकांचा आहे. डभोईजवळच्या वढवाणा तलावावर शाळेच्या मुलांना न्यायचं आहे आणि त्यासाठी एका चार पानी इंग्रजी माहितीपत्रकाचं त्या मराठी करत आहेत. त्यात ‘क्रेपस्क्युलर’ हा शब्द तीनदा आलाय: एकदा रानमांजराबद्दल, एकदा ढगांतून फुटणाऱ्या किरणांबद्दल आणि शेवटच्या ललित परिच्छेदात ‘क्रेपस्क्युलर सायलेन्स’ असा. कोशात ‘संधिप्रकाशाचा, अंधुक’ एवढंच मिळालं. तिन्ही ठिकाणी ‘संध्याकाळचा’ लिहिलं तर चालेल का, आणि मुळात हा शब्द इंग्रजीत वापरतात कसा, असं त्या विचारतात.

बाई, नाही चालणार. रानमांजराच्या वाक्यात ते चूक ठरेल, किरणांच्या वाक्यात अर्धवट राहील, आणि तिसऱ्या ठिकाणी चूक नसलं तरी अगदी बेचव लागेल. शब्द एक असला तरी त्याची कामं चार आहेत: उजेडाचं वर्णन, प्राण्यांच्या दिनक्रमाचं वर्गीकरण, आकाशातल्या एका दृश्याचं नाव आणि मनःस्थितीची छटा. मराठीत या चारही कामांना चांगले शब्द आहेत, पण ते वेगवेगळे आहेत. म्हणून शब्द शोधण्याआधी स्वतःला दोन गोष्टी विचारायच्या. यातलं काम कुठलं? आणि दिवसाचं एकच टोक अभिप्रेत आहे की दोन्ही? दुसरा प्रश्न लोक विसरतात आणि बहुतेक चुका तिथेच होतात.

आधी उच्चार उरकून घेऊ. ‘क्रि-पस्-क्यु-लर’, जोर दुसऱ्या अक्षरावर, म्हणजे ‘पस्’वर. सुरुवातीला ‘क्रीप’ नाही आणि ‘क्रेप’ कापडही नाही. मराठीत लिहिताना ‘क्रेपस्क्युलर’ रूढ झालंय, ते राहू द्या. स्पेलिंग सी-आर-ई-पी-यू-एस-सी-यू-एल-ए-आर. या शब्दाचा खरा शत्रू म्हणजे त्याच्याच चेहऱ्यामोहऱ्याचा ‘कॉर्पस्क्युलर’. त्याचा संबंध कणांशी: रक्तातल्या पेशींना कॉर्पसल म्हणतात तो, आणि न्यूटनने मांडलेला प्रकाशाचा कणसिद्धान्त म्हणजे ‘कॉर्पस्क्युलर थिअरी ऑफ लाइट’ तोही. गंमत अशी की दोन्ही शब्द ‘लाइट’च्या शेजारी सुखाने बसतात. त्यामुळे ‘क्रेपस्क्युलर लाइट’चा ‘कॉर्पस्क्युलर लाइट’ झाला, तर वाक्य वाचताना कुणालाच खटकत नाही. मुद्रितशोधनात हा शब्द अक्षर-अक्षर लावून तपासावा.

मूळ लॅटिन आहे. ‘क्रेपुस्कुलुम’ म्हणजे संधिप्रकाश. त्याच्या पोटात ‘क्रेपेर’ हा शब्द, अर्थ अंधुक आणि त्यावरून संशयास्पद. रोमन विद्वान व्हॅरो याने इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात याची फोड करताना म्हटलंय की या वेळी अजून दिवस आहे की रात्र झाली, असा पुष्कळांना संशय पडतो, म्हणून संशयास्पद गोष्टींनाही ‘क्रेपेर’ म्हणतात. ही ‘धड हे नाही, धड ते नाही’ छटा लक्षात ठेवा. चौथ्या, लाक्षणिक अर्थाला तीच पुरते.

लॅटिनमध्ये पहाटेच्या अंधुक उजेडाला वेगळा शब्द होता, ‘दिलुकुलुम’. त्यामुळे ‘क्रेपुस्कुलुम’ बहुधा संध्याकाळकडे झुकलेला. इंग्रजीने मात्र सतराव्या शतकात ‘क्रेपस्क्युलर’ हे विशेषण उचललं आणि पुढे प्राणिशास्त्राने ते दोन्ही टोकांना ताणलं. आपल्याकडे प्रवास उलटा झाला. संस्कृतात ‘संध्या’ म्हणजे सांधा, दिवस आणि रात्र जिथे जोडले जातात तो. म्हणून प्रातःसंध्या आणि सायंसंध्या दोन्ही. संध्या करणारा माणूस सकाळीही करतो. पण मराठीत ‘संध्याकाळ’ म्हटलं की सकाळ पूर्ण बाद. ‘सांज’चंही तेच, आणि तुमच्या आसपासच्या गुजरातीतही सांज ती सांजच. म्हणूनच कोशात ‘संध्या’ला लागून असलेला प्रतिशब्द दिसला की हात आपोआप ‘संध्याकाळचा’ लिहून मोकळा होतो.

आता उजेडाकडे. संधिप्रकाशाची मोजणी सूर्य क्षितिजाखाली किती अंश गेला यावर होते. ६ अंशांपर्यंत नागरी संधिप्रकाश, १२ पर्यंत नाविक, १८ पर्यंत खगोलीय. नागरी टप्प्यात आकाश निरभ्र असेल तर दिवा न लावता बाहेरची कामं करता येतात. बडोदा साधारण २२.३ अंश उत्तर अक्षांशावर. तिथे हा टप्पा वर्षभर २२ ते २५ मिनिटांचाच. लंडनला जूनमध्ये तोच पाऊण तासाहून लांबतो आणि त्या दिवसांत खगोलीय संधिप्रकाश रात्रभर संपतच नाही, कारण मध्यरात्रीही सूर्य १८ अंश खाली जात नाही.

हे अनुवादात कामाला येतं. इंग्रजी लेखक ‘लाँग क्रेपस्क्युलर इव्हनिंग’ लिहितो तेव्हा तो काव्य करत नसतो, तिकडे ती वेळ खरंच लांबते. आपल्याकडे सूर्य सरळ खाली उतरतो, दिवेलागणीला बसलेला माणूस हातपाय धुऊन येईस्तोवर अंधार. त्यामुळे तिकडचं वर्णन मराठीत ‘लांबलेला संधिप्रकाश’ असंच ठेवावं, ‘तिन्हीसांज’ करू नये. तिन्हीसांज तासभर टिकत नाही हे वाचकाला अंगवळणी पडलेलं असतं आणि तो अडखळतो.

नुसत्या उजेडासाठी, म्हणजे ‘क्रेपस्क्युलर लाइट’ किंवा ‘क्रेपस्क्युलर ग्लूम’ अशा ठिकाणी, ‘संधिप्रकाश’ बिनधोक आहे. वैज्ञानिक मजकुरात तो दोन्ही टोकांना चालतो. जिथे खोलीतला, जंगलातला, देवळाच्या गाभाऱ्यातला अंधार आहे आणि घड्याळाशी संबंध नाही, तिथे ‘संधिप्रकाश’ सोडा आणि ‘अंधुक’, ‘धूसर’, ‘झाकोळलेला’ यांतून निवडा. गाभाऱ्यात भर दुपारी अंधुक असतं; तिथे संधिप्रकाश लिहिणं म्हणजे दुपारी बाराला सूर्य मावळवणं.

प्राण्यांचा अर्थ सर्वांत काटेकोर आहे आणि तिथे चूक झाली तर ती नुसती शैलीची राहत नाही. प्राणिशास्त्रात क्रेपस्क्युलर म्हणजे ज्याच्या हालचालीचा जोर पहाटे आणि तिन्हीसांजेला असतो असा. दिवसभराचा आलेख काढला तर दोन उंचवटे दिसतात, एक सूर्योदयाच्या आगेमागे, एक सूर्यास्ताच्या. फक्त पहाटेचा जोर असेल तर ‘मॅट्युटिनल’, फक्त संध्याकाळचा असेल तर ‘व्हेस्परटाइन’. दिवसाचा ‘डायर्नल’, रात्रीचा ‘नॉक्टर्नल’. आणि ज्याला दिवस-रात्रीचं बंधनच नाही, जमेल तेव्हा बाहेर पडतो, त्याच्यासाठी ‘कॅथेमेरल’. हा शब्द इअन टॅटरसॉल यांनी १९८७ मध्ये माकडवर्गातल्या प्राण्यांच्या, त्यातही लेमूरच्या संदर्भात मांडला. ‘व्हेस्परटाइन’ वनस्पतींनाही लावतात, संध्याकाळी उमलणाऱ्या फुलांना. आपली गुलबक्षी आणि प्राजक्त हे त्याचे घरचे नमुने. गुलबक्षीला मराठीत ‘क्रेपस्क्युलर फूल’ म्हणण्याची गरज नाही, ‘सांजेला उमलणारं’ पुरे.

कसोटी एकच: प्राणी त्या वेळी दिसतो का, हा प्रश्न नाही. त्याची भूक, शिकार, फिरणं मुख्यत्वे त्या वेळी होतं का, हा आहे. वटवाघळं घ्या. सूर्य मावळला की वडावरून थव्याने निघतात, बडोद्यात कुणीही गच्चीवरून पाहावं. पण ती रात्रभर फळांवर असतात. संध्याकाळ ही फक्त घरातून निघण्याची वेळ. म्हणून वटवाघूळ निशाचर. बडोद्यातल्या विश्वामित्री नदीतली मगर याच्या उलट बाजूची फसगत करते. हिवाळ्यात ती भर दिवसा काठावर ऊन खात पडते, पुलावरून लोक संध्याकाळी पाहतात आणि पत्रकात ‘क्रेपस्क्युलर’ लिहिलं जातं. ऊन खाणं म्हणजे शरीर तापवणं. शिकारीचा जोर बराचसा रात्री. तुमच्या पत्रकात मगरीचा उल्लेख असेल आणि पुढे हा शब्द दिसला, तर मराठी करण्याआधी इंग्रजीच दुरुस्त करून घ्या.

मग खरे क्रेपस्क्युलर कोण? ससा, रानमांजर ही सोयीची उदाहरणं, तीही ‘मुख्यत्वे’ लावून. रातवा हा पक्षी तिन्हीसांजेला आणि पहाटे किडे टिपतो, चांदण्यात रात्रीही. पिंगळा बहुधा संधिप्रकाशात आणि रात्री, पण दुपारी झाडाच्या ढोलीतून डोळे वटारून बघतानाही सापडतो. फुलपाखरांत ‘कॉमन इव्हनिंग ब्राउन’ हे वाळक्या पानासारखं तपकिरी फुलपाखरू दिवसा पालापाचोळ्यात बसून राहतं आणि अंधारू लागलं की गवतावरून झेपावत उडतं. त्याच्या इंग्रजी नावात ‘इव्हनिंग’ आहे, पण ते पहाटेही उडतं. नावाने फसण्याचं यापेक्षा स्वच्छ उदाहरण मिळणार नाही.

प्राणी असं का करतात हेही दोन ओळींत पत्रकात यावं, मुलं विचारणारच. बडोद्याकडे मे महिन्यात पारा ४२-४३ पर्यंत जातो. त्या उन्हात फिरणं म्हणजे अंगातलं पाणी गमावणं. रात्री गारवा असतो पण उजेड नसतो. सांध्याच्या वेळी दोन्ही थोडं थोडं मिळतं, आणि दिवसाचे शिकारी थकलेले, रात्रीचे अजून नीट बाहेर पडलेले नसतात. म्हणून हा दिनक्रम ऋतूप्रमाणे सरकतो. उन्हाळ्यात काटेकोर क्रेपस्क्युलर वागणारं रानमांजर थंडीत सकाळी नऊला शेताच्या बांधावर दिसलं, तर पुस्तक खोटं ठरत नाही. इंग्रजी मजकुरात ‘लार्जली’, ‘प्रायमरिली’, ‘मेनली’ असं काहीतरी या शब्दाआधी जवळजवळ नेहमी असतं, ते त्यासाठीच. अनुवादात जागा वाचवायला पहिला बळी याच ‘मुख्यत्वे’चा जातो. तो देऊ नका.

आणि डास. रानमांजर संध्याकाळचं ठरवलं तर फार तर मुलांची एक फेरी वाया जाईल. डेंग्यूच्या पत्रकात हीच चूक झाली तर ती अंगावर येते. डेंग्यू पसरवणारा एडिस इजिप्ती हा दिवसा चावणारा डास. त्याचा जोर सूर्योदयानंतरच्या काही तासांत आणि सूर्यास्ताआधीच्या काही तासांत असतो. इंग्रजी मजकुरात याला ‘क्रेपस्क्युलर पीक्स’ म्हटलेलं सापडतं. मराठीत ते ‘संध्याकाळी चावतो’ असं उतरलं की वाचणारा सात वाजता दारं-खिडक्या लावतो आणि सकाळी सातला मुलाला अर्ध्या चड्डीत अंगणात खेळायला सोडतो. इथे संज्ञा वगैरे काही नको. ‘सकाळी लवकर आणि दिवस मावळण्याआधी जास्त चावतो, पण दिवसभर चावू शकतो’, एवढं साधं वाक्य लिहावं.

आता मराठी प्रतिशब्दांचा हिशोब. ‘निशाचर’ आणि ‘दिनचर’ यांच्या चालीवर काहीजण ‘संध्याचर’ बनवतात. तो कानाला बरा, पण वर सांगितलेल्या कारणाने वाचक त्यातून फक्त संध्याकाळ घेतो, म्हणून बाद. ‘सांजचर’ त्याहून वाईट. ‘संधिप्रकाशचर’ बरोबर आहे, पण उच्चारताना जीभ दुखते. तक्त्यात एकाच शब्दाची जागा असेल तर ‘संधिचर’ घ्यावा, कारण ‘संधी’ शब्द कुठल्याच टोकाला बांधलेला नाही. खाली एक ओळीची व्याख्या मात्र द्यावी, नाहीतर मुलांना संधीसाधू प्राणी वाटेल. ही शंका थट्टेची वाटते, पण सहावीच्या वर्गात ‘संधिचर’ फळ्यावर लिहून पाहा. वाहत्या मजकुरात मात्र संज्ञेचा हट्ट सोडून सरळ सांगणं कधीही चांगलं: ‘पहाटे आणि तिन्हीसांजेला वावरणारा’. चार शब्द लागतात, पण आजीलाही कळतं. बडोद्याला पारिभाषिक शब्द घडवण्याची जुनी सवय आहे, १९३१ सालचा ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरू’ हा कारभाराच्या शब्दांचा बहुभाषी कोश त्याच शहरातला. पण कारभारात संज्ञा लागतेच, कारण आदेशात एकच शब्द शंभर वेळा येतो. मुलांच्या पत्रकात तो एकदाच यायचाय.

पहाटेच्या बाजूचे आपले शब्द फारसे कुणी वापरत नाही, ते हाताशी ठेवा. झुंजुमुंजु होणं, फटफटणं, तांबडं फुटणं, उजाडणं हे सगळे एकामागून एक येणारे टप्पे आहेत. झुंजुमुंजुला माणूस ओळखू येत नाही, आकृती दिसते; उजाडल्यावर चेहरा कळतो. नागरी संधिप्रकाश सुरू होण्याच्या आसपासचं वर्णन असेल तर झुंजुमुंजु नेमकं बसतं. संध्याकाळच्या बाजूला ‘गोरज’ आहे, गुरं परतताना उडणाऱ्या धुळीची वेळ. पण तो लग्नपत्रिकेत इतका अडकलाय की प्राण्यांच्या पत्रकात वाचला की मुहूर्तच आठवतो. बडोद्यातल्या मराठी घरांत गुजरातीतला ‘परोढ’ किंवा हिंदीतला ‘झुटपुटा’ही कानावर असतो. ‘झुटपुटा’ खरं तर क्रेपस्क्युलरच्या जवळचा, तो सकाळ-संध्याकाळ दोन्हीकडे चालतो. पण मराठी मजकुरात तो परका दिसेल, हेवा करून सोडून द्यावा.

तिसरं काम, आकाशातलं. ‘क्रेपस्क्युलर रेज’ म्हणजे ढगाच्या किंवा डोंगराच्या आडून, फटींतून सुटलेले प्रकाशाचे पट्टे, मध्ये सावलीचे पट्टे. ते दिसतात कारण हवेतली धूळ आणि पाण्याचे बारीक थेंब प्रकाश विखुरतात. हवा अगदी स्वच्छ असेल तर पट्टे दिसणार नाहीत. क्षितिजावरच्या सूर्याचा प्रकाश डोक्यावरच्या सूर्याच्या तुलनेत सुमारे ३८ पट हवेतून वाट काढत येतो, निळा वाटेतच विखुरतो, म्हणून पट्टे केशरी-तांबूस. नाव संधिप्रकाशावरून पडलं, कारण त्या वेळी ते जास्त उठून दिसतात. पण दुपारी दोनला पावसाळी ढगांच्या भोकांतून खाली उतरणाऱ्या झोतांनाही हेच नाव लावतात. म्हणून ‘संध्याकाळचे किरण’ हा अर्धाच अनुवाद. फोटोखाली हे नाव असेल तर आधी फोटोची वेळ पाहा.

मराठीत यासाठी दोन शब्द पुढे येतात. ‘कवडसा’ लोकांना आवडतो, पण कवडसा म्हटलं की कौलातून आत आलेलं ऊन आणि जमिनीवर पडलेला त्याचा ठिपका डोळ्यांपुढे येतो. तो घरातला शब्द आहे, आभाळभर पसरत नाही. ‘तिरीप’ जास्त जवळची: तिरपी येणारी उन्हाची रेघ. ‘ढगांच्या फटींतून सुटलेल्या तिरिपी’ असं लिहिलं की चित्र उभं राहतं, वेळेचंही बंधन येत नाही. भूगोलाच्या पुस्तकात संज्ञाच हवी असेल तर ‘संधिप्रकाश किरण’ ठेवा आणि कंसात मराठीत समजवा.

किरण पंख्यासारखे फाकलेले दिसतात ते खोटं, असं मुलांना दाखवता येईल. सूर्य सुमारे १५ कोटी किलोमीटरवर आहे, त्याचे किरण आपल्यापर्यंत जवळजवळ समांतर येतात. रेल्वेचे रूळ दूरवर एकत्र आल्यासारखे दिसतात तोच प्रकार. पुरावा हवा असेल तर पाठ फिरवायची. पश्चिमेला पट्टे ठळक असताना पूर्वेकडे पाहिलं तर कधीकधी तेच पट्टे डोक्यावरून जाऊन समोरच्या क्षितिजावर पुन्हा एका बिंदूकडे मिटताना दिसतात. यांना ‘अँटिक्रेपस्क्युलर रेज’ म्हणतात. माथ्यावर ते फिके होतात, त्यामुळे बहुतेकांना हे दोन वेगळे प्रकार वाटतात.

बडोद्यात याची एक सुंदर सोय आहे. डिसेंबरच्या तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात सूर्य नैर्ऋत्येच्या बाजूला मावळतो आणि त्याची नेमकी विरुद्ध दिशा उत्तरेपासून पूर्वेकडे सुमारे ६५ अंशांवर येते. शहरातून पावागड जवळजवळ त्याच दिशेला आहे. म्हणजे दांडिया बाजाराकडच्या एखाद्या उंच गच्चीवरून हवा मोकळी असताना पावागड दिसत असेल आणि पश्चिमेला तुटक ढग असतील, तर उलटे किरण गडावर जाऊन मिटल्यासारखे दिसायला हवेत. अडचण ढगांची, डिसेंबरात ते क्वचित. पावसाळा सरताना, ऑक्टोबरच्या मध्यावर ढगांची शक्यता बरी, पण तेव्हा हा बिंदू पावागडच्या उजवीकडे सरकलेला असतो. हात लांब करून धरलेली वीत आकाशात साधारण २० अंश झाकते. गडापासून उजवीकडे वीतभराहून थोडं कमी अंतर मोजा, तिथे बघा. सूर्य क्षितिजाच्या जितका वर, तो बिंदू तितकाच क्षितिजाखाली, म्हणून शेवटच्या दहा मिनिटांत पाहणं बरं.

राहिला लाक्षणिक अर्थ. इथे शब्दाचा विज्ञानाशी संबंध संपतो आणि व्हॅरोचा संशय परत येतो: धूसर, अर्धवट कळलेलं, मावळतीला लागलेलं. इटालियन समीक्षक ज्युझेप्पे आंतोनियो बोर्जेझे यांनी १९१० मध्ये हलक्या, दबक्या आवाजात रोजच्या साध्या गोष्टींवर लिहिणाऱ्या तरुण कवींना ‘क्रेपुस्कोलारी’ म्हटलं, ते याच अंगाने, आणि नाव कायमचं चिकटलं. तुमच्या ‘क्रेपस्क्युलर सायलेन्स’ला मराठीत ‘कातरवेळेची शांतता’ हा जवळजवळ तयार जोड आहे. कातरवेळेत वेळ आणि हुरहुर दोन्ही एकाच शब्दात येतात. इंग्रजीला त्यासाठी विशेषण आणि नाम दोन्ही खर्चावे लागतात. फक्त परिच्छेद पहाटेचा नाही ना, हे पाहा. कातरवेळ पहाटे होत नाही. तसंच ‘तिन्हीसांज’ इथे टाळा. तिच्यात देवापुढचा दिवा, शुभंकरोती, ‘आता झोपू नको’ म्हणणारी आई, सगळं घर येतं, आणि तलावाकाठच्या निर्जन शांततेत ते मावत नाही.

इंग्रजीतून लिहिणाऱ्यांसाठी थोडं. हे विशेषण आहे, नाम हवं असेल तर ‘ट्वायलाइट’ किंवा ‘डस्क’ वापरा; ‘क्रेपस्क्यूल’ हे नाम अस्तित्वात आहे पण ते फार नटवं वाटतं. ‘डस्क’ फक्त संध्याकाळचा, ‘ट्वायलाइट’ शास्त्रात दोन्हीकडचा, ‘ग्लोमिंग’ स्कॉटिश वळणाचा आणि संध्याकाळचा. ‘वी मेट ॲट क्रेपस्क्युलर टाइम’ असं कुणी लिहीत नाही, ते हास्यास्पद होतं. भेट ‘ॲट डस्क’ होते. प्राणी, प्रकाश, किरण, अंधार, मनःस्थिती यांच्याशी तो नीट जुळतो. माणसाच्या सवयीला लावला तर वाचक हसतो, आणि तेच हवं असेल तर जरूर लावा. एका पानात दोनदा आला तर दुसरा काढा.

तुमच्या पत्रकातली तीन वाक्यं अशी उतरतील. ‘रानमांजर मुख्यत्वे पहाटे आणि तिन्हीसांजेला शिकारीला निघतं.’ ‘ढगांच्या फटींतून सुटलेल्या तिरिपी पाण्यावर उतरतात.’ ‘तलावावर कातरवेळेची शांतता पसरते.’ पहिल्या वाक्याजवळ मुलांसाठी प्रत्यक्ष वेळ छापा, म्हणजे शब्दाचा अर्थ घड्याळात दिसेल: २१ डिसेंबरच्या आसपास बडोद्यात सूर्य ७:१२ च्या सुमारास उगवतो आणि ५:५८ ला मावळतो, म्हणून पहाटेची पाहणी ६:४८ ते ७:१२, संध्याकाळची ५:५८ ते ६:२२. सहल मार्चवर गेली तर हे आकडे बदला, चोवीस मिनिटांऐवजी बावीस धरा, आणि बसवाल्याला सांगताना पहाटेची वेळ पंधरा मिनिटं आधीची सांगा.